नुसतं पुस्तकाचं नाव छापू नका, कोणाचं आहे तेही लिहा

मा. संपादक साहेब,
सप्रेम नमस्कार.

मी मानेवाड्याला राहते. आमच्या कॉलनीच्या सभागृहात दोन लोखंडी कपाटं आहेत, त्यात साडेसहाशेच्या आसपास मराठी पुस्तकं आहेत आणि त्याचं रजिस्टर गेली नऊ वर्षं मी सांभाळून राहिले. मंगळवारी आणि शनिवारी संध्याकाळी कपाट उघडायचं, पुस्तक द्यायचं, परत आलेलं लिहून घ्यायचं, एवढंच काम. पगार नाही, पद नाही, पण मला ते काम मनापासून आवडतं म्हणून हे पत्र लिहून राहिले.

तुमची मागच्या रविवारची पुरवणी वाचली. त्यात सुट्टीत काय वाचायचं अशी एक चौकट होती, बारा पुस्तकांची नावं होती, आणि बाराच्या बारा नावांपुढं लेखकाचं नाव नाही. त्यात 'युगान्त' होतं, 'मृत्युंजय' होतं, 'रणांगण' होतं. आता मला सांगा, यातलं कोणतं युगान्त आणि कोणतं रणांगण? तुम्हाला माहीत असेल, छापणाऱ्याला माहीत असेल, पण मंगळवारी ती चौकट कापून घेऊन माझ्यासमोर जी बाई येऊन उभी राहिली तिला माहीत नव्हतं आणि तिनं तरी कुठून माहीत करून घ्यायचं, पेपरातच नाही तर.

युगान्तचं दुखणं आमचं अगदी ताजं आहे म्हणून आधी तेच सांगते. दरवर्षी २७ फेब्रुवारीला, म्हणजे मराठी भाषा गौरव दिनाला, आम्ही कॉलनीतले लोक मिळून एखाद्या नाटकाचं अभिवाचन करतो. या वेळी ठरलं की महेश एलकुंचवारांचं 'युगान्त' वाचायचं. एलकुंचवार म्हणजे यवतमाळ जिल्ह्यातल्या पारव्याचे, राहतात नागपुरात, आणि 'वाडा चिरेबंदी', 'मग्न तळ्याकाठी' आणि 'युगान्त' ही त्यांची तीन नाटकं म्हणजे आपल्या वऱ्हाडातल्या धरणगावकर देशपांड्यांच्या घराची गोष्ट. 'वाडा'चं अभिवाचन आम्ही दोन वर्षांआधी केलं होतं, मागच्या वर्षी 'मग्न तळ्याकाठी', म्हणून या वर्षी तिसरं. पराग कोण, अभय कोण, नंदिनीचं कोण वाचणार हे सगळं ठरलं, वर्गणी गोळा झाली आणि सहा प्रती ऑनलाइन मागवायचं काम माझ्याकडं आलं. मी 'युगान्त' टाइप केलं, पहिलं जे आलं ते उघडलं. मराठी पुस्तक, पेपरबॅक, किंमत एवढी, एवढंच लिहिलेलं. लेखकाचं नाव त्या पानावर कुठंच नव्हतं आणि कव्हरच्या फोटोवरची अक्षरं इतकी बारीक की वाचता येईनात. किंमत बरोबर वाटली, सहा प्रती ऑर्डर केल्या.

पार्सल आलं त्या दिवशी आमच्या घरी सगळे जमले होते. चहा झाला होता, मी सुरीनं टेप कापला, वरचा खोका उघडला आणि पहिलं पुस्तक ज्यांच्या हातात गेलं ते आमचे शेजारचे सर, ते परागचं वाचणार होते, त्यांनी मधलंच एक पान उघडलं आणि थांबले. मी म्हटलं काय झालं सर, तर म्हणाले इथं गांधारी आहे. मग त्यांनी पुढचं उलटलं, कुंती. पुढं द्रौपदी, मयसभा, कर्ण. सगळे एकमेकांकडं पाहून राहिले. सहाच्या सहा प्रती इरावती कर्व्यांच्या 'युगान्त'च्या होत्या.

आता इरावतीबाईंचं युगान्त म्हणजे काय कमी प्रतीचं पुस्तक आहे का? अजिबात नाही. १९६७ सालचं, पुढच्याच वर्षी त्याला साहित्य अकादमी मिळालं, महाभारतातल्या माणसांकडं माणूस म्हणून पाहायला ज्या पुस्तकानं शिकवलं ते हे. पण आम्हाला ते नको होतं, आम्हाला धरणगावचा वाडा पाहिजे होता, आणि निबंधांचं अभिवाचन करायचं तर पराग आणि अभय कुठून आणायचे. परत करायला गेलो तर विकणारा म्हणे पुस्तक बरोबर आहे, तुम्ही जे नाव मागितलं तेच पाठवलं. खरं तर त्याचंही तांत्रिकदृष्ट्या चुकलं नव्हतं ना, नाव तेच होतं.

(एक गोष्ट मात्र झाली. ती प्रत घरी पडून होती तर आमच्या सासूबाईंनी ती वाचायला घेतली, आणि गांधारीवरचा लेख वाचून त्या दोन दिवस त्याच विषयावर बोलत होत्या. डोळ्याला पट्टी बांधली ते पतिव्रतापणानं की रागानं यावर आमच्या स्वयंपाकघरात चांगली चर्चा झाली. त्यामुळं पैसे वाया गेले असं मी म्हणणार नाही.)

आता मृत्युंजय. हे सांगताना मला अजूनही वाईट वाटते. मागच्या गणपतीत आमच्या मंडळात मुलांची प्रश्नमंजुषा होती आणि प्रश्न काढायचं काम माझं होतं. मी एका गाइडमधून काही प्रश्न घेतले, त्यात एक होता, ज्ञानपीठ पुरस्कार मिळालेली 'मृत्युंजय' ही कादंबरी कोणाची? गाइडमधलं उत्तर, शिवाजी सावंत. आठवीतली एक पोरगी उठून म्हणाली, बीरेंद्रकुमार भट्टाचार्य. मी म्हटलं चूक. ती म्हणाली, काकू, सावंतांची मृत्युंजय कर्णावरची आहे, ज्ञानपीठ आसामीला मिळालं. मी गाइड उघडून दाखवलं, बघ बेटा इथं काय लिहिलंय, आणि पुढच्या प्रश्नाकडं गेले. त्या एका प्रश्नानं ती पोरगी दुसरी आली.

रात्री झोप येईना म्हणून मोबाइलवर पाहिलं. पोरगी बरोबर होती. सावंतांची मृत्युंजय १९६७ ची, कर्णाची कथा, आपल्याकडं प्रत्येक घरात असते ती. भट्टाचार्यांची मृत्युंजय १९७० ची, आसामी भाषेतली, १९४२ च्या चळवळीवरची, लष्कराची गाडी रुळावरून पाडायची योजना आखणाऱ्या लोकांची गोष्ट, आणि १९७९ चं ज्ञानपीठ तिला मिळालं, आसामी भाषेला मिळालेलं ते पहिलं ज्ञानपीठ. आता घोटाळा काऊन होते तेही पाहा. सावंतांच्या मृत्युंजयला १९९४ साली मूर्तिदेवी पुरस्कार मिळाला, आणि तो पुरस्कार देते कोण, तर भारतीय ज्ञानपीठच. संस्था तीच, पुस्तकाचं नाव तेच, पुरस्कार दोन, लेखक दोन, भाषा दोन. मराठीत ज्ञानपीठ मिळालेले खांडेकर, कुसुमाग्रज, विंदा आणि नेमाडे, त्यात सावंत नाहीत. पण गाइड लिहिणाऱ्यानं नुसतं नाव पाहिलं आणि मी नुसतं गाइड पाहिलं.

दुसऱ्या दिवशी मी तिच्या घरी गेले. तिचे बाबा निमलष्करी दलात आहेत, काही वर्षं आसाममध्ये पोस्टिंग होतं, येताना त्यांनी त्या कादंबरीचं हिंदी भाषांतर आणलं होतं, ते तिनं मला कपाटातून काढून दाखवलं. मी तिची माफी मागितली. ती काहीच बोलली नाही, फक्त माझं गाइड मागितलं, कंपासमधून पेन्सिल काढली आणि त्या प्रश्नाच्या बाजूला बारीक अक्षरात दोन्ही पुस्तकं लिहिली, लेखकासकट, सालासकट, भाषेसकट. ते पान मी अजून जपून ठेवलंय. पण बोर्डावर तिचं नाव दुसऱ्या नंबरला लागलं ते लागलंच, गणपती शिरले, बक्षीस वाटून झालं.

तेव्हापासून मी आमचं पूर्ण रजिस्टर परत लिहायला घेतलं आणि काय काय सापडलं ते सांगितलं तर तुम्हाला विश्वास बसणार नाही. जुन्या काकांनी लिहिलेलं रजिस्टर, त्यात फक्त नाव आणि नंबर. 'रणांगण' असं एका ओळीत लिहिलेलं. कपाटात पाहिलं तर विश्राम बेडेकरांची १९३९ ची कादंबरी, युरोपातून मुंबईला येणारं जहाज, चक्रधर आणि हॅर्टा, दुसऱ्या महायुद्धाच्या तोंडावरची ती कथा. आणि मागणाऱ्याला पाहिजे असते विश्वास पाटलांचं 'रणांगण' नाटक, जे त्यांच्याच 'पानिपत' कादंबरीवरून आलं. कोणी तरुण पोरगा सदाशिवरावभाऊ वाचायच्या तयारीनं येतो आणि बोटीवर जाऊन बसतो. बेडेकरांची ती छोटीशी कादंबरी वाचून त्याचं भलंच होईल, पण त्यानं ती मागितली नव्हती ना.

'हिंदू' असं लिहिलेलं. शरणकुमार लिंबाळ्यांची 'हिंदू' आहे, ती आधीची, आणि भालचंद्र नेमाड्यांची 'हिंदू : जगण्याची समृद्ध अडगळ' २०१० ची. दोन्ही कादंबऱ्या, दोन्हींचा सूर पूर्ण वेगळा, आणि आमच्या रजिस्टरला दोन्ही एकच. 'ययाति' म्हटलं की आपल्याला खांडेकर आठवतात, पण गिरीश कार्नाडांचं त्याच नावाचं कन्नड नाटक आहे, १९६१ चं, आणि खांडेकरांची कादंबरी त्याच्या फक्त दोन वर्षं आधीची, १९५९ ची. राजा तोच, म्हातारपण मुलाला देणारा, पण दोघांनी तो दोन वेगळ्याच बाजूंनी पाहिला. असं दोन्ही शेजारी ठेवून वाचलं तर किती मजा येते, पण त्यासाठी आधी ती दोन आहेत हे तर कळलं पाहिजे.

'उपरा' आणि 'उचल्या' याची तर वेगळीच गंमत. नाव एकसारखं नाही पण दोन्ही उ वरून, दोन्ही आत्मकथनं, दोन्हींना साहित्य अकादमी, आणि दोन्ही लेखक लक्ष्मण! उपरा लक्ष्मण मान्यांचं, १९८० चं, उचल्या लक्ष्मण गायकवाडांचं, १९८७ चं. आमच्या रजिस्टरात कोणीतरी पुढं नुसतं 'लक्ष्मण' लिहून ठेवलं होतं. म्हणून मी म्हणते लेखकाचं अर्धं नाव पण चालत नाही, पूर्ण लिहा. एका समाजाचं दुःख दुसऱ्याच्या नावावर चढवणं ही काही लहान चूक नाही, ज्या माणसानं आपल्या घरातलं उघडं करून लिहिलं त्याचं श्रेय त्यालाच गेलं पाहिजे.

आमच्या विदर्भातल्या पुस्तकांचं दुखणं अजून वेगळं आहे, ते सिनेमा सिरियलचं. उद्धव शेळक्यांची 'धग' ही १९६० ची कादंबरी, कौतिकची गोष्ट, आपल्या वऱ्हाडी बोलीतली. पुढं 'धग' नावाचा सिनेमा आला, चांगला सिनेमा आहे, पण त्याचा आणि या कादंबरीचा काही संबंध नाही. मी कितीतरी जणांना सांगून राहिले की बापा ती गोष्ट वेगळी ही वेगळी, तरी लोक म्हणतात सिनेमा पाहिला ना, आता पुस्तक कशाला. सुरेश भटांचा 'रंग माझा वेगळा' हा कवितासंग्रह १९७४ चा, त्यांच्या नावाचं एवढं मोठं सभागृह आपल्या रेशीमबागेत उभं आहे, आणि त्याच गावात कॉलेजातली पोरगी मला विचारते काकू हे त्याच नावाच्या टीव्ही सिरियलवरचं पुस्तक आहे का. तिला हसायचं नाही, तिला भट हातात द्यायचे. मी दिले. आठ दिवसांनी ती भटांचाच 'एल्गार' मागायला आली.

सगळ्यात जास्त घोळ कशाचा होते माहीत आहे? 'गीता' मागितली जाते तेव्हा. चैत्रात, अधिक महिन्यात, आषाढीला वयस्क बाया येतात आणि म्हणतात गीता द्या. आता कपाटात काय काय आहे पाहा. टिळकांचं 'गीतारहस्य', मंडालेच्या तुरुंगात लिहिलेलं, १९१५ साली छापलेलं, जाड आणि कठीण. विनोबांची 'गीताई', म्हणजे गीतेचं सोप्या मराठीतलं समश्लोकी रूप, आपल्या वर्ध्याला लिहिलेलं, तिथंच गोपुरीला गीताई मंदिरात दगडी शिळांवर पूर्ण कोरलेलं आहे, कधी गेले नसाल तर जाऊन या. विनोबांचीच 'गीता प्रवचने', ती धुळ्याच्या तुरुंगात १९३२ मध्ये दर रविवारी दिलेली आणि साने गुरुजींनी उतरवून घेतलेली. आणि राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांची 'ग्रामगीता', जिच्यात कुरुक्षेत्र नाही, अर्जुन नाही, गाव आहे, गावाची सफाई आहे, शेती आहे, गावातलं शिक्षण आहे, एक्केचाळीस अध्यायांमध्ये. एका आजींना पाहिजे होती रोज म्हणायला गीताई आणि आमच्याकडल्या पोरानं माझ्या गैरहजेरीत त्यांना दिलं गीतारहस्य. त्यांनी ते आठ दिवस उशाशी ठेवलं आणि परत आणून दिलं, म्हणाल्या, मला नाही कळत बाई, माझं डोकं आता चालत नाही. मला इतकं लागलं ते. डोकं उत्तम चालत होतं त्यांचं, पुस्तक चुकीचं दिलं होतं. विनोबांनी गीताई लिहिलीच मुळी आईसाठी, तिला संस्कृत गीता कळत नव्हती म्हणून, आणि नेमकी तीच अशा आजींपर्यंत पोचू नये?

दसऱ्याला दीक्षाभूमीवर पुस्तकांचे स्टॉल लागतात, देशात कुठं एवढी पुस्तकं एका जागी विकली जात असतील असं मला वाटत नाही. लोक पोटाला चिमटा घेऊन पुस्तक घेतात. तिथं आमच्या घरी काम करणाऱ्या ताई बाबासाहेबांचं 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' घ्यायला गेल्या आणि घेऊन आल्या धर्मानंद कोसंब्यांचं 'भगवान बुद्ध'. कोसंब्यांचं पुस्तक फार मोलाचं आहे, आणि ते बाबासाहेबांच्या ग्रंथाच्या आधीचंही आहे, पण त्यांना घरी रोज वाचायला बाबासाहेबांचाच ग्रंथ पाहिजे होता. बाबासाहेबांच्या चरित्रांचंही तसंच. धनंजय कीरांचं चरित्र एका खंडात आहे, चांगदेव खैरमोड्यांचं अनेक खंडात, आणि त्यातला एखादाच खंड हातात आला तर माणसाला वाटते चरित्र पूर्ण वाचलं. तीनशे रुपये म्हणजे कोणाची एका दिवसाची मजुरी असते साहेब. चुकीचं पुस्तक घरी जाणं हे त्यांना परवडत नाही.

आमच्या वाचकांपैकी एक वकील ताई आहेत, त्यांना मी विचारलं की असं एकच नाव दोघांनी ठेवलेलं कायद्यात चालतं का. त्या म्हणाल्या नुसत्या शीर्षकावर कॉपीराइट नसतो, २०१५ साली 'देसी बॉइज' सिनेमाच्या नावावरच्या खटल्यात सुप्रीम कोर्टानं ते स्पष्ट सांगितलं. मला ते पटलं. युगान्त हा शब्द काही कोणाच्या मालकीचा नाही, ययाति तर महाभारतातलाच आहे, आणि चांगलं नाव दोघांना सुचू शकते. लेखकांबद्दल माझी काडीचीही तक्रार नाही. एका नावाची कितीही पुस्तकं निघोत. तक्रार आहे ती मधल्या लोकांबद्दल, म्हणजे यादी करणारे, विकणारे, गाइड लिहिणारे, रजिस्टर लिहिणारे, आणि हो, छापणारे. आमचं काम एवढंच आहे की बरोबर पुस्तक बरोबर माणसाकडं जावं.

आम्ही आता रजिस्टरात नाव, लेखकाचं पूर्ण नाव, कादंबरी की नाटक की कविता, प्रकाशन, साल, आणि मागच्या कव्हरवर तेरा आकडी आयएसबीएन असेल तर तोही लिहितो. जुन्या पुस्तकांवर तो नंबर नसतो, तिथं पहिल्या पानावरची ओळ उतरवून घेतो. रकाने वाढले, हात दुखतात थोडे, पण तेव्हापासून एकही पुस्तक चुकीचं गेलं नाही.

तुम्हाला मात्र एवढंही करायची गरज नाही. चौकटीत प्रत्येक नावापुढं लेखक, आणि नाटक असेल तर नाटक असं लिहा, दोन शब्दांची जागा लागेल. जागा कमी पडत असेल तर बाराऐवजी आठ पुस्तकं छापा. आणि मागच्या रविवारची चौकट लेखकांच्या नावासकट परत छापली तर फार बरं होईल, कारण तिचं कात्रण आमच्याकडं चार जण घेऊन आलेत आणि मी त्यांना सांगितलंय की थांबा, मी पेपरला विचारते.

अजून एक, हे पत्र छापलंत तर एवढं नक्की ठेवा. नागपुरात कोणाकडं महेश एलकुंचवारांचं 'युगान्त' असेल आणि २७ फेब्रुवारीपर्यंत देता येत असेल तर आम्हाला पाहिजे आहे. चार प्रती इकडून तिकडून जमल्यात, दोन कमी पडून राहिल्या. पुस्तकावर कव्हर घालून वापरू, एकही पान दुमडणार नाही. बदल्यात वाचायला इरावती कर्व्यांच्या 'युगान्त'च्या सहा कोऱ्या प्रती आमच्याकडं आहेत, त्यातली पाहिजे तर घेऊन जा.

आपली एक वाचक,
मानेवाडा, नागपूर